अकरा शेणी

कपाट आवरताना आईला सापडली,
घडीवर फाटलेली. म्हणाली, ही कसली पावती रं?

होळीच्या आदल्या आठवड्यात
मी आणि धैर्‍या पेठेत दारोदार फिरलो होतो.
हातगाडीचं एक चाक वाकडं.
होळी लहान करा, शेणी दान करा,
ओरडून ओरडून घसा बसलेला.
पाच जाळायच्या, बाकीच्या पंचगंगेच्या स्मशानाला.
म्हाताऱ्या पाट्या रित्या करताना म्हणायच्या,
न्या बाबांनो, माझ्याच कामाला येतील.
आम्ही खिदळायचो.
मरण हा तेव्हा म्हाताऱ्यांनी करायचा विनोद होता.

त्यातल्या अकरा आम्ही ढापल्या.
तालमीच्या मागं, पत्र्याखाली.
एक खांब सहाचा, एक पाचाचा, मध्ये धैर्‍या,
बापाचे वेल्डिंगचे हातमोजे घालून.
पाचाचा खांब सारखा पडायचा
आणि गोल झाला का न्हाई
यावर अंधार पडेस्तोवर भांडण.

मे महिन्यात त्याला ताप आला.
सीपीआरमध्ये मला आत सोडलं नाही.
खिडकीतनं त्यानं हात वर केला,
सुया टोचून मोज्याएवढा सुजलेला,
आणि तीन बोटं दाखवली.
तीन गोल? तीन दिवस?
मी पण तीन दाखवली.
काय कबूल केलं, अजून ठाऊक नाही.

पोरांनी जायचं नसतं म्हणाले.
मी शिवाजी पुलावर उभा राहिलो, कठड्याला पोट लावून.
खाली म्हशी डुंबत होत्या.
शेणीचा धूर सरळ चढत नाही,
आधी जमिनीलगत घुटमळतो.
रडू आलं नाही.
डोक्यात एकच:
तिथं अकरा कमी पडल्या असतील तर?

तिसऱ्या दिवशी सायकलच्या कॅरिअरवर
दप्तराच्या पट्ट्यानं बांधून नेल्या.
एकीवर बोटं उमटलेली, कुणाच्या तरी आईची.
ती वर ठेवली, मोडू नये म्हणून.

कारकुनानं मान वर केली नाही.
किती?
अकरा.
एवढ्याच? बरं. देणाऱ्याचं नाव?

मी सांगितलं. त्यानं लिहिलं,
निळ्या शाईत, वळणदार:
श्री. धैर्यशील विलास चौगले
यांजकडून शेणी नग ११ पोहोचल्या.

नावाआधी श्री. लागलेला
आमच्यातला तो पहिला.