एक गाठ जास्त

बस. दिवा जरा लांब ठेव,
दोर मेणात बुडवलेला आहे, चटकन पेट घेतो.
ही सतरा वर्षांपूर्वीची गुंडाळी. हा मीठफुलाचा महिना,
तेवीस गाठी. बोटांनी मोज.
डोळ्यांवर विसंबू नकोस;
माझा गुरू ओद्रीन शेवटची अकरा वर्षं आंधळा होता
आणि तिर्साल बंदरात कुणाला पत्ता नव्हता,
सणवार सगळे वेळच्या वेळी झाले.

पुढे आंधळा महिना. त्यात लंगडा चंद्र उगवत नाही,
थोरला एकटाच येतो,
यजमान घरी नसताना आलेल्या पाहुण्यासारखा
छपरावर जरा टेकतो आणि निघतो.
या महिन्यात लग्नं लावत नाहीत, होड्या उलट्या करून डांबर फासतात,
भांडणं मिटवत नाहीत, नुसती पुढे ढकलतात.
म्हणून इथल्या गाठी सैल. बघ.

मग शिंपल्यांचा, मग दोन सावल्यांचा,
मग तो, ज्याला नाव नाही.
एका राणीने दिलं होतं, स्वतःचंच;
ती गेल्यावर लोकांनी गाठी तशाच ठेवल्या
आणि नाव तेवढं उसवलं.

थांब. अंगठा तिथेच ठेव.
किती झाल्या?
चोवीस.
पुन्हा मोजू नकोस, चोवीसच आहेत.

कायदा तुला पाठ आहे: समुद्रावर गेलेला माणूस
तेरा महिने परतला नाही
की त्याचं नाव गावाला परत.
आपल्याकडे नावं मोजकीच, भांड्यांसारखी,
एकाचं झालं की विसळून दुसऱ्याला.
शेवटच्या गाठीचा सूर्य बुडाला की नाव मोकळं,
आणि त्यानंतर तो आलाच
तर धक्क्यावर त्याला हाक मारायला
कुणाच्या तोंडात काही नसतं.

त्या रात्री दोराजवळ मी एकटीच.
त्याचं माझं काय आहे हे गावाने ठरवायच्या आत
तो बोटीवर चढला होता, माझी लोकरी टोपी घालून.
तेविसावी गाठ मारली. मग हात थांबला नाही.
फार काही नाही गं, एक वेढा, एक ओढ,
आणि सकाळी दवंडी दिली:
महिना अजून संपलेला नाही.
कुणी हरकत घेतली नाही.
दोर खोटं बोलेल हे सुचायला
माणूस आधी स्वतः खोटा लागतो.

तो दिवस मी धक्क्यावर काढला.
लख्ख, बिनवाऱ्याचा दिवस.
एक कुत्रं जाळ्यांच्या ढिगावर झोपलेलं.
एक बोट आली. तिच्यात कांदे होते.

तिन्हीसांजेला वरच्या आळीतून सुईण आली,
हात अजून ओले. म्हणाली, मुलगी झाली,
नोंद कर. नाव कुठलं मोकळं होतंय?
मी सूर्याकडे बघत राहिले.
पार बुडाल्यावर सांगितलं.
माझ्याच तोंडाने सांगितलं, नेवूस.

तेव्हापासून मोठी भरती दोराच्या एक दिवस आधी येते.
कोळी म्हणतात, समुद्राला हल्ली घाई असते.
पुजाऱ्यांनी लंगड्याला चांदीची काठी वाहिली,
त्याच्यामुळेच बिघडलं म्हणे.
मी मान हलवते.

ही गाठ सोडून तशी दवंडी दिलीस
तर समुद्र आणि आपण
पुन्हा एकाच दिवशी जागे होऊ.
पण मग तुझा जन्म कुठे बांधायचा
ते ओद्रीनने शिकवलं नव्हतं.
मला जमलं नाही. एकदा दातांनीही करून पाहिलं.
आता दोर तुझा, नेवूस.
नखं वाढव, जुनं मेण कडक असतं.

दोराप्रमाणे मोठी भरती उद्या आहे.
ऊठ, उंबऱ्यावरच्या चपला आत घे.