शिवणीतली माया

केळुसकर सरांनी पहिल्याच तासाला
फळ्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत
एकच शब्द लिहिला :
घरासमोरच्यांनासुद्धा
आणि म्हणाले, उसवा.

बाकीचे बावरले. मी नाही.
खडकी बाजारातल्या आठ बाय सहाच्या गाळ्यात
पेन्सिलीच्या आधी मी ब्लेड धरायला शिकले.
कापड ओढायचं नाही, टीप शोधायची,
एक टाका सोडून एक कापत गेलं
की बाही आपोआप हातात येते.
तसं मी ‘सुद्धा’ सोडवलं, मग ‘ना’,
मग अनेकांचा तो अनुस्वार, मग ‘च्या’, मग ‘समोर’.
शेवटी उरलं घरा.
घर नव्हे. घरा.
सर म्हणाले, हा कोण?

सामान्यरूप.
शाळेत पाठ केलेलं, दोन गुणांपुरतं.
प्रत्यय यायच्या आधी शब्द जरासा सरकतो,
रस्ता रस्त्या होतो, पाणी पाण्या,
आणि तसा अर्धवट, कुणाची तरी वाट बघत थांबतो.
बाबा याला माया म्हणतात.
शिवणीच्या आत बोटभर कापड राखायचं.
पोरगं वाढेल, बाई भरेल,
कुणाचं काय सांगावं.
बाहेरून दिसत नाही माया.
नव्हती, हे पहिल्या बाळंतपणानंतर कळतं.

मेहरनाज माझ्या शेजारी बसते, शिराझची.
तिच्या भाषेत तो नाही, ती नाही, ते नाही,
सगळ्यांना मिळून एक सर्वनाम.
कॅन्टीनमध्ये तिने विचारलं,
चमचा पुरुष कशावरून?
मी म्हटलं, वाटी बाई आहे म्हणून.
ती इतकी हसली की चहा सांडला.
(चहा सांडला : पुल्लिंगी, एकवचनी,
सांडणारं कुणीच नाही.)

मग खोडच लागली.
होळकर पुलावर बस अडकली
की दिसेल ते वाक्य उसवत बसायचं.
असंच एकदा उतरून चालत घरी येताना
समोर आमचीच पाटी आली :
येथे फॉल-पिको, फिटिंग करून मिळेल.
जुने कपडे अल्टर करून मिळतील.
वीस वर्षं वाचत होते.
येथे आहे. कपडे आहेत. मिळणं आहे.
मी आत जाऊन म्हटलं, बाबा,
तुमच्या पाटीत करणारा कोणी नाही.
त्यांच्या तोंडात टाचण्या होत्या.
ओठांच्या फटीतून म्हणाले,
गिऱ्हाइकाला ब्लाउज पाहिजे,
करणारा घेऊन काय करील?

त्या रात्री त्यांना वाक्यात बसवायला घेतलं.
बाबांनी बाही शिवली.
क्रियापद बाहीच्या मागे गेलं.
बाबांनी सदरा शिवला. सदऱ्याच्या मागे.
बाबांनी परकर शिवले, चार. पुन्हा तेच.
बाबा आपले ‘नी’ला धरून
वाक्याच्या दाराशी उभे.

तेव्हाच आणखी एक दिसलं.
दोरा दोऱ्याला होतो, झगा झग्याला,
बाबा मात्र बाब्याला होत नाही.
काका, मामा, दादा, सगळे तसेच ताठ.
पुस्तकात अपवाद म्हणून दीड ओळ आहे.
मी मशीनकडे पाहिलं.
बल्बखाली पाठ वाकून सुईच्या उंचीला आलेली.
ही दीड ओळ लिहिणारा
आमच्या गाळ्यात कधी आला नसणार.

परीक्षेत आलं : स्वतःच्या मनाने वाक्य रचून
पदांची फोड करा. दहा गुण.
मेहरनाजने तीन ओळींचं लिहिलं, गौण वाक्यांसकट.
मी लिहिलं, बाबा शिवतात.
शिव. त. आत.
वर्तमानकाळ. बाही नाही, सदरा नाही,
क्रियापदाला जायला दुसरीकडे जागाच नव्हती,
मुकाट्याने बाबांकडे आलं.
आणि माणूस एक असून अनेकवचन,
आदरार्थी.

सरांनी सहा दिले.
शेजारी लाल शाईत, वाक्य फार छोटं.
बाबांनी पेपर उजेडात धरला,
सहाकडे पाहिलंच नाही,
वाक्याच्या पुढे कोरा राहिलेला कागद
अंगठ्याने मोजत गेले, सवयीने,
आणि म्हणाले,
असू दे. माया राहिलीय.