प्रश्न सातवा

सीपीआरच्या ओपीडीत फॉर्म भरून घेतो मी.
प्रश्न सातवा: उदास वाटतं का?
कधीच नाही, कधीकधी, नेहमी.

वडणग्याच्या भागूबाई चेचर म्हणाल्या,
"उदास न्हाई वो. जीव उसवलाय."

तशी चौकट नव्हती.
'नेहमी'वर खूण करताना पेन जरा अडलं.

त्यांच्या सासूला असंच व्हायचं
तेव्हा वारं यायचं अंगात.
जोतिबाच्या पायऱ्यांवर केस सोडून घुमायची,
बायका पाया पडायच्या, नारळ द्यायच्या.

थोरली लेक पुण्यात.
तिला पॅनिक अटॅक येतो,
रात्री दोनला, कुलूपबंद फ्लॅटमध्ये.

दुखणं एकच का हे, मी विचारलं.
भागूबाई पदराची दशी ओढत राहिल्या.
"तिचं तिला म्हाईत.
शिवायचं कुठनं, तेवढं लिवा."

मी पान उलटलं.
प्रश्न आठवा: झोप.