डावी टाच

भूपाल चौगुले दिवाळीच्या तोंडावर येतो,
पिशवीतून जुना जोड काढून
गुन्हा कबूल करावा तसा फळीवर पालथा घालतो.
डावी टाच. बाहेरची कड.
पुन्हा तिथंच.

"या खेपेला जाड तळ घाल, दौलू."
घातला. दोन पदरी घातला, तीन पदरी,
एका साली म्हशीच्या पाठीचं कातडं
आठ दिवस भिजवून, कुटून.
दोरा बदलला, दुकानाची पाटी बदलली,
चप्पल लाइनीत निम्मे लोक आता प्लास्टिक विकतात,
भूपालची टाच मात्र...

मेव्हण्याला तिसऱ्यांदा जामीन राहिलाय तो.
पतपेढीचा शिपाई नोटीस घेऊन येतो
आणि चहाला थांबतो, इतकी ओळख झालीय.
"हे शेवटचं," म्हणतो भूपाल,
"पुन्हा सही केली तर हात तोडून टाकीन."
"हाताचं मला काय सांगतोस, मी पायांचा माणूस."
दोघंही हसतो.

हाताचं मला ठाऊक आहे.
टाका चुकला की आबाची मोगरी
चामड्यावरनं उठून थेट माझ्या बोटांवर.
हे नख बघा. चाळीस वर्षं कापतोय,
वाकडंच उगवतं.
पंचगंगेच्या घाटावर, त्याची राख ओंजळीत असताना
मी म्हटलं होतं, हे इथंच सोडलं.

परवा सुदर्शनकडनं आरी सटकली,
वादी फाटली, तयार जोडाची माती,
आणि मोगरी वर गेलेली.
मी नेली नव्हती. तीच गेली.
आबाही असंच म्हणायचा.

पोरानं बोटं काढून घेतली नाहीत.
फळीवर तशीच ठेवली, पसरून,
डोळे तेवढे मिटले.
म्हणजे त्याला सवय होती.
म्हणजे हे पहिल्यांदा नव्हतं.

मोगरी आली ती चामड्यावर,
बोटांपासून चार बोटं लांब.
याला सुधारणं म्हणतात का, माहीत नाही.
नेमही चुकला असेल.

आज भूपालचा बारावा जोड घेतलाय.
तळ साधाच. बाहेरच्या कडेला फक्त
एक पातळ पाचर जास्त, वरून न दिसणारी.
चाल काही सुधारायची नाही,
झिजायला जरा वेळ लागेल, इतकंच.

सुदर्शन वेणी घालतोय.
रोज माझ्या उजव्या हाताला बसायचा,
आज डावीकडं बसलाय.
मी काही बोललो नाही.
मोगरी कुठं ठेवलीय, ते त्यानं पाहिलंय.