वगळलेली गल्ली

म्हापशात साडेसहाला मी सातजणांना उभं करतो
मारुतीच्या देवळासमोर, आणि म्हणतो
तेच, जे काल म्हटलं होतं:
पाकीट पुढच्या खिशात, पाणी सीलबंद,
आणि पोट, मंडळी, अर्धं रिकामं ठेवा.
इथे हसतात. हसलेच.

पाच ठिकाणं, दोन तास, एकदा लघुशंकेची सोय.
मिरची भजी, कटलेट पाव,
जेनोवेवाच्या ओट्यावर बिबिंकचं पातळ काप,
शेवटी उल्हास च्यारीच्या गाड्यावर रस-ऑम्लेट.
वाटेत एक गल्ली आहे, ती मी वगळतो.
कापडाच्या दुकानांवरून लांबून नेतो,
म्हणतो, हा जुना बाजार बघा,
आणि कुणालाच कळत नाही
आपण कशाला वळसा घातला ते.

आज वारा उलटा होता.

लान थबकली. यादीत तिचं नाव शेवटचं,
देश व्हिएतनाम, ॲलर्जी नाही.
भजी तिनं मुकाट खाल्ली होती,
बिबिंक अर्धी उरवून रुमालात बांधली होती.
आता नाक वर करून उभी राहिली,
घरातलं कुणी हाक मारतंय
पण कुठल्या खोलीतून ते कळत नाही, तशी.
मी "मॅडम, इथून" म्हणेपर्यंत
गल्लीत शिरलीसुद्धा.

सुके बांगडे, बोंबील, टोपलीभर गालमो
(तुम्ही जवळा म्हणाल),
मिठानं पांढरी झालेली मोरी गोणपाटावर.
शेवंतीबाय आवराआवर करत होती.
बाकीचे सहा रुमालांत, ओढण्यांत.
लान उकिडवी बसली, मूठभर गालमो घेतला,
हुंगला, आणि मोडक्या इंग्रजीत मला सांगू लागली:
आई पिंपात मासे भरते, वर मीठ, वर दगड.
वर्षभर कुणी हात लावायचा नाही.
मग खालच्या तोटीतून थेंब, थेंब,
पुढचा शब्द मिळेना. तळहात पसरून
तिनं तो थेंब झेलून दाखवला.
"आमच्या खाऱ्या नुस्त्यावरी?" शेवंतीबाय मला विचारते.
असंच काहीतरी, म्हटलं. मला ठाऊक नव्हतं.
मी पाठ केलेल्यात हे नव्हतं.

च्यारीच्या गाड्यावर तिनं खुर्ची नको म्हटलं.
सोड्याचा रिकामा क्रेट पालथा घातला,
गुडघे छातीशी घेऊन बसली.
तिकडे असंच बसतात म्हणे, फुटपाथवर,
बालवाडीतल्यासारख्या स्टुलांवर,
बँकेतले साहेबसुद्धा.
रसात लिंबू पिळलं. कोथिंबीर दांड्यांसकट.
वर चिमूटभर गालमो, पिशवीतून, कच्चा.
च्यारीचा हात कालथ्यावर थांबला.
त्याच्या बापानं घातलेल्या मसाल्यात
आजवर कुणी काही सुचवलं नव्हतं.
पावाचा तुकडा तिच्या बशीत बुडवून
त्यानं चावला. बोलला नाही.
दुसरा बुडवला.

पाव तिला ओळखीचा होता.
आमच्याकडेही जहाजातूनच उतरला, म्हणाली,
दुसऱ्या गोऱ्यांच्या. ते गेले.
"आमगेर लेगीत तशेंच," च्यारी म्हणाला
आणि तिला एक ऑम्लेट फुकट वाढलं,
जे माझ्या हिशेबात बसत नव्हतं.

निघताना विचारलं मी: तुमचा तो शेवयांचा रस, फो?
ती हसली. असं नाही.
आवाज आधी खाली न्यायचा,
मग उचलायचा, काही विचारत असल्यासारखा.
रस्त्यावर उभे राहून आम्ही तीन-चारदा विचारलं.
एक रिक्षावाला थांबला, उगाच.

आज नवे आठजण. वळशापाशी
पाय सवयीनं कापडगल्लीकडे निघाले, मी ओढून आणले.
म्हटलं, नाक झाकायचं तर झाका, मी थांबणार आहे.
दोघं बाहेरच राहिले. एकानं घड्याळ पाहिलं.
सांगायला माझ्याकडे फारसं काहीच नव्हतं:
हे मासे आहेत, हे मीठ, ही शेवंतीबाय.
मग आठवलं म्हणून तिला म्हटलं, "फो?"
खाली नेऊन, वर उचलून.
"कितें?" तिनं विचारलं,
अगदी त्याच सुरात.