चडशें

चोडणच्या मानशीवर इनास सांगत होता
आणि मी लिहून घेत होते.
भरती लागली की दारं आपसूक मिटतात,
ओहोटीला उघडतात,
मधल्या पाण्यातली मासळी
पावणी जिंकेल त्याची.
"रात्रीचीसुद्धा?" मी विचारलं.
"चडशें," तो म्हणाला,
आणि जाळ्यातला खेकडा सोडवू लागला.

सहा वर्षांनी पुस्तक झालं.
कोमुनिदादीचे ठराव, झोणाच्या याद्या,
वाळवीने निम्मी वाचून टाकलेली पोर्तुगीज वही,
सगळं तळटिपांत नीट बसवलं.
पान एकशे बारा:
रात्रीच्या मासळीवर हक्क नेहमी पावणीदाराचा.
नेहमी.
त्या शब्दाने वाक्य जरा ताठ उभं राहत होतं.

पणजीच्या कोर्टात वकील सावियोने
तेच पान पिवळी चिठ्ठी लावून आणलं.
समोर रेमेदिन.
नवरा गेल्यापासून अमावास्येच्या ओहोटीला
मानशीखाली टोपली धरणारी.
मूठभर सुंगटं, कधी दोन शेवटे.
कुणी दिली नव्हती,
कुणी अडवलीही नव्हती.

"रूढी काय आहे ते विदुषींनी नोंदवलंच आहे."
विदुषी मागच्या बाकावर बसली होती,
पर्स मांडीवर घट्ट धरून.
तिला साक्षीला बोलावलं नव्हतं,
पुस्तक पुरेसं होतं.

न्यायाधीशबाईंनी इनासला विचारलं, हे खरं का?
त्याने खिशात चष्मा शोधला, मिळाला नाही.
पानावर हात ठेवला, क्रुसावर ठेवतात तसा.
"बायेन बरयलां जाल्यार खरेंच आसतलें."

दुभाष्याने भाषांतर केलं: होय.

फेरीबोटीत मी जुनी वही उघडली.
त्याच दिवसाची नोंद, माझंच अक्षर:
सांध्यांतून पाणी गळतं. दुरुस्ती का नाही, विचारणे.
खाली त्याचं उत्तर:
थोडें गळूंक जाय. ना जाल्यार दार फुटटा.
हे मी 'संकीर्ण'मध्ये टाकलं होतं.

प्रकाशकाला कळवलंय, एक शब्द बदला.
दुसऱ्या आवृत्तीत बघू, म्हणतो.
निकाल त्याआधी.

धक्क्यावर रेमेदिन भेटली.
आपलं नाव पुस्तकात आहे का, विचारत होती.
मी म्हटलं, नाही.
"बरें जालें," ती म्हणाली,
आणि रिकामी टोपली काखेत मारून
बांधाच्या वाटेने निघून गेली.