निरगुडे

निहारा बोकील पहिल्यांदा आली
ती कागदावर माप लिहून : सहा फूट बाय अडीच.
म्हणाली, दारासारखं करा, पण दार नको.
नाना पेठेत असलं गिऱ्हाईक रोज येत नाही.
विचारलं, आत काय बसणार?
माणूस, म्हणाली.

माणूस नव्हताच कुठे.
तुळशीबागेच्या तोंडाशी आठ महिने उभी राहून
तिनं चेहरे जमवलेले, विचारून, सही घेऊन,
आणि संगणकानं ते सगळे
कणकेसारखे एकत्र मळलेले.
वय बावन्न. केस विरळ.
उजव्या भुवईवर एक जुना व्रण.
हा कुणाचा?
कुणाचाच नाही, म्हणाली, तो त्याचा त्यानंच काढला.

नाव तेवढं तिनं दिलं : प्रभाकर निरगुडे.
आवाज माझा मागितला.
वेल्डिंगचा चष्मा कपाळावर सरकवून
दोन तास मी वाचत बसलो :
पावकीचे पाढे, रद्दीतला अग्रलेख,
पाइपाचे दर, स्वारगेट ते कात्रज बसचे थांबे.
चार दिवसांनी तिनं यंत्र लावलं
आणि माझ्याच आवाजात, मध्येच खाकरून, कुणी म्हणालं,
'आई गेली तेव्हा मी कामाचं निमित्त काढलं.'
हे मी वाचलं नव्हतं.
खरं की खोटं, ते मला विचारू नका.

घोले रोडला प्रदर्शन लागलं.
माझ्या चौकटीत काच, काचेत तो उभा,
पापण्या मिटायचा, वजन या पायावरून त्या पायावर घ्यायचा.
शनिवार पेठेतले एक काळे, काठी टेकत आले,
पाटी वाचण्याआधीच म्हणाले :
अहो, हा तर निरगुडे! टेलिफोन खात्यात होता आमच्या.
चहाचे पैसे कधी दिले नाहीत पठ्ठ्यानं.
एक बाई म्हणाल्या, छे, आमच्या नणंदेला सांगून आला होता,
पत्रिका जमली नाही.
एकजण काहीच बोलला नाही,
चप्पल हातात घेऊन बाहेर पायरीवर बसून राहिला.

निहारा सगळं वहीत उतरवायची
आणि रात्री त्याला भरवायची.
दुसऱ्या दिवशी काळे पुन्हा आले, भावाला घेऊन.
काचेतून निरगुडे म्हणाला :
'काळे, त्या शुक्रवारी पैसे मी दिले होते.'
काळे बराच वेळ काठीची मूठ चोळत राहिले.
मग हळूच म्हणाले,
हो. एकदा दिले होते.

त्याच महिन्यात रेशनच्या दुकानात
माझा अंगठा लागेना.
पुसला, पँटीला घासला, थुंकी लावली.
तीस वर्षं ग्राइंडरवर गेलेली कातडी,
तिच्यावर रेघा कुठून आणायच्या?
दुकानदार लहानपणी माझ्याबरोबर विटीदांडू खेळलेला.
म्हणाला, सुधाकर, तू तूच आहेस, मला कळतं रे,
याला कळत नाही.
आणि यंत्र माझ्याकडे वळवून दाखवलं.
लाल अक्षरं होती. मागे रांग होती.

निहाराला सांगितलं तर ती हसली नाही.
माझा अंगठा दिव्याखाली धरून बघत राहिली,
कोऱ्या कागदाकडे बघावं तशी.
हा मला द्याल का, म्हणाली.
मी हात काढून घेतला.
आवाज दिला तेवढं पुरे.

प्रदर्शन संपलं. चौकट टेम्पोतून परत आली.
अठ्ठावीस किलो भरली, भाव बरा होता,
पण कटर लावला नाही अजून.
दुकानामागे भिंतीला टेकून आहे,
तिच्यावर ओला सदरा वाळत घालतो.

काल चहावाल्याचा नवा पोऱ्या
शटरच्या आतून माझा आवाज ऐकून थबकला.
शाळेबरोबर बघून आला होता म्हणे.
किटली खाली ठेवून विचारलं त्यानं,
निरगुडेकाका, तुम्ही बाहेर कसे आलात?

काय सांगणार.
चहा घेतला. पैसे दिले.
मागचेही देऊन टाकले.